लाकडाची आस

मरिंबा हें नांव आमच्या वाचकांपैकीं कांहींच्या कानांवरून गेलें असेल. परंतु तें वाद्य प्रत्यक्ष समोर मांडलेलें पाहण्याचा योग फारच थोड्यांना आला असेल. ज्यांनीं काष्ठतरंग पाहिला आहे त्यांना त्याची ओळख करून देण्यास मात्र फारसे श्रम नकोत. लहानमोठ्या लाकडी पट्ट्या क्रमानें मांडाव्या, हातांत काड्या घ्याव्या आणि वाजवावें, एवढें त्या दोहोंचें नातें उघड आहे. फरक आहे तो आकारमानाचा आणि घडणीचा. आजकालचा मैफलींतला मरिंबा म्हणजे अडीच मीटरांहून अधिक लांबीचें एक धूड असतें. त्यावर पांच सप्तकांच्या ६१ पट्ट्या, पियानोच्या काळ्यापांढऱ्या पट्ट्यांप्रमाणें दोन ओळींत. प्रत्येक पट्टीखालीं एकेक पोकळ नळी. आणि वादक उभ्यानें, या टोकापासून त्या टोकापर्यंत येरझारा घालीत, दोन हातांत मिळून चार काड्या धरून तो वाजविणार. काड्यांच्या टोकांना सूत अगर लोकर गुंडाळलेले गोळे असतात. असलें वाद्य ज्यांच्या घरीं आहे त्यांच्याकडे पाहुणे मुक्कामास राहत नसावेत, असा आमचा तर्क आहे.

आम्ही लिहावयास बसलों आहों ते या वाद्यासाठीं लिहिलेल्या एका रचनेविषयीं. ब्राझीलचे संगीतकार नेय रोझाऊरो यांनीं १९८६ सालच्या जून-जुलै महिन्यांत ब्राझिलिया या राजधानीच्या शहरीं मरिंबा आणि तंतुवाद्यवृंद यांकरितां एक कॉन्चेर्टो लिहिला. एका वाद्यानें सबंध वृंदासमोर उभें राहून बोलावें. वृंदानें त्याला कधीं रुकार द्यावा, कधीं अडवावें, कधीं नुसतें ऐकून घ्यावें. अशा रचनेस युरोपांत कॉन्चेर्टो म्हणतात. येथें वृंद आहे तो केवळ गजानें वाजणाऱ्या वाद्यांचा. व्हायोलिन, व्हायोला, चेलो आणि डबल बेस. बासरी नाहीं, तुतारी नाहीं, पडघम नाहीं. या निवडींतच रचनेचें सारें मर्म आहे असें आम्हांस वाटतें. एका बाजूस ज्याचा स्वर टिकत नाहीं असें वाद्य, आणि दुसऱ्या बाजूस ज्यांचा स्वर केव्हां संपवावयाचा हें वादकाच्या मनगटावर अवलंबून आहे अशीं वाद्यें. गज उलटसुलट फिरत आहे तोंवर व्हायोलिनचा स्वर जिवंत. लाकडाच्या पट्टीचें तसें नाहीं. तिच्यावर प्रहार होतांच स्वर जन्मास येतो आणि त्याच क्षणापासून मरूं लागतो. खालच्या पट्ट्यांचा नाद थोडा रेंगाळतो. वरच्यांचा तर टाळी वाजवावी तसा वाजला न वाजला तोंच विरून जातो. पत्रिका पाहणाऱ्यानें हें जोडपें पहिल्याच बैठकींत नापास केलें असतें.

आपल्या संगीतांत 'आस' असा एक फार सुंदर शब्द आहे. स्वर लागून गेल्यावर त्याचा जो नाद मागें दरवळत राहतो ती आस. तोच शब्द आपण आशेला आणि मनाच्या ओढीलाही वापरतों. वाद्याला आस किती आणि त्यावर मींड निघते कीं नाहीं, या दोन कसोट्यांवर आपण आजवर वाद्यांची प्रतवारी लावीत आलों आहों. सारंगी व सतार या कसोट्यांना उतरतात; जलतरंग, काष्ठतरंग हीं त्यामुळें कौतुकाच्या, पण दुय्यम पंगतींत बसलीं. संतूरवर हाच आक्षेप होता. १९५५ सालीं मुंबईच्या मैफलींत पंडित शिवकुमार शर्मा तें वाद्य घेऊन बसले तेव्हां, या तुटक तुटक आघातांनीं राग कसा उभा राहणार, असें जाणत्यांस वाटलें. आणि मग काडी तारेवर हलकेच घसरवून, आघातांना आघात चिकटवून, त्यांनीं संतूरला आलाप करावयास लावलें. ज्याला तुटक स्वरांतून गाणें काढावयाचें आहे त्याला, तो जम्मूचा असो वा ब्राझीलचा, याच खिंडींतून जावें लागतें.

मरिंब्याची घडण पाहिली म्हणजे ही अडचण किती खोलवर आहे तें कळतें. प्रत्येक पट्टीची खालची बाजू मध्यभागीं कमानीसारखी कोरून काढलेली असते. ही कोरणी शोभेची नव्हे. लाकडाची सपाट पट्टी ठोकली तर तींतून मूळ स्वराबरोबर जे वरचे स्वर निघतात त्यांचें मूळ स्वराशीं पटत नाहीं. कमान खोल करीत गेलें म्हणजे मूळ स्वर खालीं उतरतो, आणि पहिला उपस्वर त्याच्यावर बरोबर दोन सप्तकें जाऊन बसतो. झायलोफोन हें मरिंब्याचें भावंड. त्यांत तोच उपस्वर एक सप्तक सोडून पुढच्या पंचमावर बसवितात. म्हणून झायलोफोनचा आवाज खणखणीत, कांहींसा भांडखोर, आणि मरिंब्याचा गोल, मऊ व घरगुती. पट्टीखालच्या नळीचें बूड बंद असतें आणि तींतील हवेचा स्तंभ वरच्या स्वराशीं जुळविलेला असतो. सर्वांत खालच्या पट्टीचीं कंपनें सेकंदाला सुमारें ६५. तिला जुळणारी नळी सरळ ठेवली तर ती सव्वा मीटरच्या आसपास जाईल, आणि वाद्य तर माणसाच्या कमरेइतकेंच उंच. म्हणून खर्जाच्या नळ्या कारागीर दुमडून बसवितात.

आतां या नळीचा एक धर्म असा आहे कीं ती स्वराला मोठा करते, पण त्याचें आयुष्य वाढवीत नाहीं. उलट कमी करते. काडीच्या प्रहारानें पट्टीला जें बळ मिळालें तें ठराविक. नळी तें भराभर ओढून घेते आणि हवेच्या स्वाधीन करते. नळ्या काढून घेतल्या तर तीच पट्टी पुटपुटल्यासारखी, पण अधिक वेळ वाजत राहील. मोठ्यानें बोलावयाचें तर लौकर संपावयाचें, असा हा लाकडाचा करार आहे. गजाच्या वाद्यांवर अशी कोणतीच अट नाहीं. त्यांना प्रत्येक क्षणीं नवा शिधा मिळत असतो.

या वाद्याचा इतिहास मोठा आहे. आम्ही तो येथें धांवता सांगतों. मरिंबा हें नांव आफ्रिकेंतील बांटू भाषांतलें. गुलाम करून नेलेल्या माणसांबरोबर हें वाद्य, निदान तें बनविण्याचें ज्ञान, अमेरिकेच्या भूमीवर उतरलें. ग्वातेमालांत १६८० सालच्या एका चर्चच्या उत्सवांत तें वाजल्याचा उल्लेख सांपडतो, आणि त्याच देशानें १९७८ सालीं कायदा करून त्यास राष्ट्रीय वाद्य ठरविलें. पाश्चात्त्य वाद्यवृंदासमोर तें प्रथम उभें राहिलें २९ एप्रिल १९४० रोजीं, न्यूयॉर्क येथें. फ्रेडरीक पेट्रिडीस या बाईंनीं केवळ स्त्रियांचा एक वाद्यवृंद चालविला होता. त्यांच्या सांगण्यावरून पॉल क्रेस्टन यांनीं छोटा कॉन्चेर्टो लिहिला आणि रूथ स्टूबर यांनीं तो वाजविला. पुढें जपानच्या केइको आबे यांनीं या वाद्याला एकट्यानें मैफल गाजविण्याची प्रतिष्ठा मिळवून दिली. जुन्या ग्वातेमाली मरिंब्यांतली एक गोष्ट मात्र या उन्नतींत गळून गेली आणि आम्हांस तिची हळहळ वाटते. त्या मरिंब्यांना नळ्यांच्या जागीं भोपळे असत. भोपळ्याच्या बुडाशीं एक छिद्र, आणि त्यावर डुकराच्या आंतड्याचा पातळ पापुद्रा मेणानें चिकटविलेला. पट्टी वाजली कीं पापुद्रा थरथरे आणि स्वराला एक झिणझिणती किनार येई. तंबोऱ्याच्या तारेखालीं सुताचा धागा सरकवून आपले लोक जी जवारी लावतात, तिचीच ही दूरदेशची बहीण. मैफलींतल्या सभ्य मरिंब्यानें ती टाकून दिली.

जवारीचा विषय निघालाच आहे तर येथें आमच्या कानांची हकीकत सांगणें प्राप्त आहे. तिच्यावांचून पुढचें कांहीं वाचकांस नीट कळावयाचें नाहीं. तीन वर्षांपूर्वीं तंबोरा आम्हांला ऐकूं येईनासा झाला. नाद येई, पण तो ओल्या वाळूवर चालल्यासारखा बोथट. चार तारांतून उठून गवयाच्या मस्तकाभोंवतीं फिरणारें तें प्रकाशाचें कडें, ज्यांत गंधार कोणीही न वाजवितां आपोआप उमटतो, तें नाहींसें झालें. प्रथम आम्हीं तंबोऱ्याला दोष दिला, मग ध्वनिक्षेपकाला. घरीं आमची सौभाग्यवती म्हणूं लागली कीं आपण हल्लीं प्रत्येक वाक्य दोनदां म्हणावयास लावतां. वर्गांत मागच्या बांकावरील मुलींचे प्रश्न येईनासे झाले. 'स', 'श', 'त', 'थ' हीं अक्षरें वाटेंतच गळूं लागलीं. शेवटीं तपासणी झाली. वैद्यांनीं एक आलेख समोर ठेवला. त्यावरची रेषा २००० कंपनांपर्यंत बरी चालत होती आणि ४००० च्या सुमारास विहिरींत उडी घ्यावी तशी खालीं गेली होती. कानाच्या शंखांत प्रवेशद्वारापाशीं उंच स्वर ओळखणाऱ्या पेशी असतात, खोल गाभाऱ्यांत खर्ज ओळखणाऱ्या. दारावरचे पहारेकरी आधीं पडतात, असें त्यांनीं आम्हांस समजावून दिलें. पुन्हां उगवणाऱ्या त्या पेशी नव्हत. कानांत घालावयाचें यंत्र मिळालें. तें भाषणाला उपयोगी पडतें; संगीतांत तें तंबोऱ्याचा पत्रा करतें. त्या वर्षापासून डिसेंबरांतील सवाई गंधर्व महोत्सवाला आम्ही गेलों नाहीं. स्वर ऐकूं येतो, पण स्वर जिच्यावर उभा असतो ती जमीन ऐकूं येत नाहीं, अशा स्थितींत मांडी घालून बसणें आमच्यानें झालें नाहीं.

अशांत आमच्या धाकट्या कन्येनें बंगळूरहून हा कॉन्चेर्टो पाठविला. ती शाळेंत असतां सहा वर्षें व्हायोलिन शिकली, आणि नोकरी लागल्यावर पेटी बंद करून ठेवली. निरोप एका ओळीचा होता: "बाबा, यांत फार वरचे स्वर नाहींत. तुम्हांला ऐकूं येईल." आम्हीं आलेख काढून पाहिला. मरिंब्याची सर्वांत वरची पट्टी २०९३ कंपनांची. म्हणजे सबंध वाद्य विहिरीच्या अलीकडे, कोरड्या जमिनीवर उभें. मुलीनें हिशोब बरोबर केला होता.

रोझाऊरो यांचा जन्म रिओ द जानेरोचा, १९५२ सालचा. ज्या काळीं त्यांनीं हा कॉन्चेर्टो लिहिला त्या काळीं ते जर्मनींतील व्युर्झबुर्ग येथें झीगफ्रीड फिंक यांच्याजवळ उच्च अध्ययन करीत होते, आणि ही रचना त्या अभ्यासक्रमाचाच एक भाग होती. परीक्षेसाठीं लिहिलेलें आणि तरीही पुन्हां पाहावेंसें वाटणारें असें कांहीं आमच्या अठ्ठावीस वर्षांच्या प्राध्यापकींत आमच्या टेबलावर फारसें आलेलें नाहीं. अर्पण आहे तें त्यांच्या मार्सेलो या मुलाला. खंड चार; नांवें पोर्तुगीज: साउदासांव, लामेंतो, दांसा, देस्पेदीदा. अभिवादन, विलाप, नृत्य, निरोप. ज्यांचे आजेपणजे १९६१ पूर्वींच्या गोव्यांत वाढले त्यांना या शब्दांचा अर्थ सांगावा लागणार नाहीं. गोव्याच्या मांडोंतही व्हायोलिन असतें, घुमट असतें, आणि निरोपाचें दुःख तर असतेंच असतें.

ब्राझीलचें आणि लाकडाचें नातें आणखीही एका प्रकारचें आहे. त्या देशाचें नांवच मुळीं तांबडा रंग देणाऱ्या एका झाडावरून पडलें. आणि व्हायोलिनचे उत्तमांतले उत्तम गज गेलीं दोनशें वर्षें त्याच झाडाच्या लाकडाचे होत आले आहेत. मरिंब्याच्या पट्ट्यांचें लाकूड वेगळें: मध्य अमेरिकेंत, मुख्यत्वें बेलिझमध्यें होणारें होंडुरास रोझवुड, आपल्या शिसवाच्याच गोत्रांतलें. या गोत्राची इतकी तोड झाली कीं २०१७ पासून त्याच्या सगळ्याच जातींच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर नियंत्रण आलें. तयार वाद्यांना पुढें २०१९ सालीं सूट मिळाली. तेव्हां या कॉन्चेर्टोंत दोन्ही पक्षांकडे लाकूडच आहे. एका पक्षाला तें घांसून बोलावयास लावतात, दुसऱ्याला ठोकून.

'अभिवादना'विषयीं फार लिहिण्यासारखें नाहीं. तें उमदें आहे, हंसरें आहे. मात्रांचे गट मागेंपुढें सरकत राहतात आणि ऐकणाऱ्याचा पाय आपोआप हलतो. तिसरा खंड, 'नृत्य', आमच्या मतें चौघांत कमजोर. तो गोड आहे, आणि गोड असण्यापलीकडे त्याची महत्त्वाकांक्षा नाहीं. ही रचना जगभर वाजते, विद्यार्थ्यांच्या तर ती हातची होऊन बसली आहे; आणि लोकप्रियतेमुळेंच ती उथळ ठरविणारे पंडितही आहेत. त्यांचें म्हणणें 'नृत्या'पुरतें आम्हांस मान्य आहे. 'विलापा'पुरतें नाहीं.

'विलापा'मध्यें रोझाऊरो त्या खिंडींत शिरतात. टिकणारा स्वर ज्याच्यापाशीं नाहीं त्यानें रडावें कसें? रडणें म्हणजे तर स्वर लांबविणेंच. मरिंबा वाजविणाऱ्यांपाशीं यावर दोन तोडगे आहेत. एक असा कीं, दोन काड्या एकाच पट्टीवर आलटून पालटून इतक्या झरझर पाडावयाच्या कीं आघात वेगळे न राहतां त्यांची साय धरावी. दुसरा असा कीं, स्वर लांबविण्याचा हट्टच सोडावयाचा. एकच लहानशी आकृति पुन्हां पुन्हां वाजवीत राहावयाचें, आणि मेलेल्या स्वराच्या जागीं दुसरा, त्याच्या जागीं तिसरा, असे उभे करीत जावयाचें. पहिल्या तोडग्यांत लाकूड गजाची नक्कल करतें. दुसऱ्यांत तें आपलें लाकूडपण कबूल करतें. आम्हांस दुसरा अधिक भावतो. दुःख अखंड वाहतें असें आम्ही पुस्तकांत वाचतों आणि वर्गांत शिकवितों. पण ज्यांनीं घरांत मृत्यु पाहिला आहे त्यांना ठाऊक आहे कीं तें थेंबाथेंबानें येतें, सकाळीं दूधवाल्याच्या हांकेबरोबर येतें, कपाटांतील कोट हातीं लागला म्हणजे येतें, आणि मध्यंतरीं कांहींच नसतें. आमचे वडील गेले त्या वर्षींचें आम्हांस जें आठवतें तें अशाच तुटक स्वरांनीं आठवतें.

मात्र या खंडाविषयीं आमचा आणि कन्येचा तंटा आहे, आणि तो अजून मिटलेला नाहीं. तिच्या मतें 'विलापां'त रडतात तीं तंतुवाद्यें. मरिंबा खालीं दिवाणखान्यांतल्या घड्याळाप्रमाणें टिकटिकत असतो. त्याच्या त्या कोरड्या टिकटिकीवर व्हायोलिनांचा तो लांब, ओला स्वर चढत जातो म्हणूनच तो काळजाला भिडतो. आम्हीं म्हटलें, "अग, व्हायोलिनें तर दूर कोठें धुक्यांत आहेत. गातो तो मरिंबा." ती म्हणाली, "बाबा, धुकें नाहीं तें. तो स्वर फार तेजस्वी आहे, जवळजवळ बोंचतो." आम्हीं पुन्हां ऐकलें. धुकेंच होतें. गजाच्या घर्षणांतून उठणारें जें तेज, ज्यानें व्हायोलिनची ओळख पटते, तें सारें विहिरीच्या पलीकडचें आहे. आमच्यापर्यंत पोंचतो तो चेलो-डबल बेसचा एक काळसर ढग आणि त्यांत मिसळलेलीं, चेहरा नसलेलीं व्हायोलिनें; आणि त्या ढगावर प्रत्येक लाकडी स्वर पाटीवर खडूनें काढावा तसा स्वच्छ. रोझाऊरोंनीं ज्याला अल्पायुषी म्हणून उभें केलें तें आमच्या कानीं टिकून आहे, आणि ज्यांना त्यांनीं चिरंजीव केलें तीं आधीं गेलीं आहेत. एकच तबकडी, एकच स्वरलेखन, आणि बापलेक दोन निरनिराळे कॉन्चेर्टो ऐकत आहों. तिचा खरा, हें आम्हांस ठाऊक आहे. पण आम्हांला ऐकावयास मिळतो तो आमचाच, आणि तो वाईट नाहीं.

येथें एव्हलिन ग्लेनी यांचें नांव घेतल्यावांचून गत्यंतर नाहीं. कारण १९९० च्या सुमारास लंडन सिम्फनी ऑर्केस्ट्राबरोबर त्यांनीं ही रचना ध्वनिमुद्रित केली आणि तेव्हांपासून ती जगाला ठाऊक झाली. या स्कॉटलंडच्या बाई १९६५ सालीं जन्मल्या आणि वयाच्या बाराव्या वर्षापर्यंत जवळजवळ पूर्ण बहिऱ्या झाल्या. त्यांच्या गुरूंनीं ताशाच्या जातीचीं वाद्यें वाजवावीं आणि त्यांनीं भिंतीला तळहात टेकून ओळखावें कीं कोणता नाद कोठें लागतो: खर्ज पायांत, उंच स्वर चेहऱ्यावर आणि गळ्यापाशीं. वाजवितांना त्या पादत्राणें काढून ठेवतात, म्हणजे व्यासपीठाच्या फळ्या तळव्यांना ऐकवितात. ऐकणें हा स्पर्शाचाच एक प्रकार आहे, असें त्यांनीं १९९३ सालीं एका निबंधांत प्रतिपादिलें. आणि आपल्या बहिरेपणाचाच पुकारा होत राहावा हें त्यांना मुळींच आवडत नाहीं. त्यांच्या इच्छेचा मान आम्ही इतकाच राखूं शकतों कीं, त्यांचें वादन आम्हांस केवळ वादन म्हणून आवडतें. विशेषतः काडी पट्टीवर पडून उचलली जाते त्या क्षणाची त्यांची काळजी. पुष्कळ वादक प्रहाराचा विचार करतात. या बाई उचलण्याचा करतात.

आमच्या मित्रमंडळींतल्या एका उत्साही गृहस्थांनीं ग्लेनींचें उदाहरण ऐकल्यापासून आमचा पिच्छा पुरविला आहे. तुम्हीही हातानें ऐकावयास शिका, असें ते म्हणतात. आम्हीं करून पाहिलें. ध्वनिक्षेपकाची लाकडी पेटी लिहिण्याच्या टेबलावर ठेवली, यंत्र कानांतून काढलें आणि दोन्ही तळहात टेबलावर पसरले. खालच्या पट्ट्या लागतात, मनगटापर्यंत येतात. मधल्या पट्ट्या बोटांच्या पेरांना मुंग्या आणतात. पण सुरावट कळत नाहीं. बारा वर्षांच्या मुलीला जें साधलें तें छप्पन्नाव्या वर्षीं मराठी प्राध्यापकाच्या तळहातांना साधत नाहीं, आणि तें साधलें असें लिहून वाचकांचा आनंद वाढविण्याची आमची तयारी नाहीं. सौभाग्यवती चहा घेऊन आली तेव्हां आम्ही टेबलाला आशीर्वाद देत आहों असा तिचा समज झाला.

आतां राहिला 'निरोप'. निरोप म्हटला म्हणजे आपण संथ लय, मिटलेले ओंठ, दूर जाणारी गाडी अशी अपेक्षा करतों. रोझाऊरोंचा निरोप धांवतो. सगळ्या खंडांत तोच भरधांव आहे. सामान बांधून झालें, घोडागाडी दाराशीं आली, आणि घरांतल्या माणसांना रडावयास सवड न देतां निघावयाचें, अशी त्याची चाल. मध्येंच वाद्यवृंद थांबतो. गज खालीं येतात आणि मरिंबा एकटा बोलूं लागतो. हा भाग आमच्या आणि कन्येच्या कॉन्चेर्टोंत सारखाच आहे. कारण येथें व्हायोलिनें तिलाही नाहींत. या दीडदोन मिनिटांसाठीं ती कधीं कधीं रात्रीं दूरध्वनि करते आणि दोन्हीकडे एकदम तबकडी लावून आम्ही न बोलतां ऐकतों. यंत्रें एकमेकांच्या मागेंपुढें होतात, तिचा स्वर आमच्या आधीं किंवा नंतर पडतो, तें चालावयाचेंच. गेल्या महिन्यांत तिनें सांगितलें कीं पेटी उघडली आहे आणि गजाला नवे केस लावावयास दिले आहेत.

मग गज पुन्हां उठतात, वृंद मरिंब्याला गांठतो, आणि धांवतां धांवतां दोघेही एकाच ठोक्यावर थांबतात. ज्यांना थांबण्याची सक्ती नाहीं तेही थांबतात. शेवटच्या ठोक्यानंतर दालनांत व्हायोलिनांचा एक प्रतिध्वनि क्षणभर तरंगतो, असें कन्या सांगते. आम्हांस तो येत नाहीं. टेबलावर हात असले तर सर्वांत खालची पट्टी बोटांखालीं थोडी अधिक वेळ राहते, आणि मग तीही जाते.